ग्रेको: आस्प्रोमोन्तेच्या डोंगरातली ग्रीक आणि ती वाचवण्याची पन्नासेक वर्षांची खटपट

इटलीचा बूट नकाशात बघितला की बोटांच्या बाजूला जो भाग येतो तो कलाब्रिया, आणि त्याच्या अगदी टोकाला आस्प्रोमोन्ते नावाचा डोंगर आहे. या डोंगराच्या दक्षिण उतारावर, आमेन्दोलेआ नावाच्या नदीच्या दोन्ही अंगांना काही गावं आहेत: बोव्हा, गालिचानो, रोगूदी, रोक्काफोर्ते देल ग्रेको, कोंदोफुरी. तिथल्या काही म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी आजही ग्रीक आहे. ही ग्रीसमधून कामधंद्याला आलेल्या लोकांची ग्रीक नाही, ही तिथलीच, पिढ्यान्‌पिढ्या मेंढ्या वळताना बोललेली ग्रीक. तिथले लोक तिला ग्रेको म्हणतात आणि या सगळ्या पट्ट्याला बोवेझिया.

भाषा मरतेय म्हटलं की सहसा दोनच कारणं सांगितली जातात, सरकारला पडलेली नाही आणि तरुणांना लाज वाटते. इथे सरकारने कायदा केलाय, पैसे दिलेत, पाट्या लावल्यात, म्युझियम आहे, संगीताचा फेस्टिवल आहे, ग्रीसमधून मास्तरही येऊन गेलेत, तरुणांच्या संघटना पन्नास वर्षांपासून आहेत, आणि तरीही भाषा घरातून गेली ती गेलीच. माझ्या मते ग्रेकोचं खरं नुकसान झालं ते माणसं ज्या आळीत, ज्या गोठ्यात, ज्या पाणवठ्यावर ती बोलायची ती जागाच मोडली तेव्हा, आणि नंतरचे बहुतेक उपाय भाषेवर झाले, त्या जागेवर नाही. एक उपाय मात्र थोडासा चाललाय, त्याबद्दल पुढे.

आधी थोडा इतिहास, नाहीतर तिथले लोक एवढे हळवे का आहेत ते कळणार नाही.

दक्षिण इटलीच्या किनाऱ्यावर ग्रीकांच्या वसाहती इसवीसनपूर्व आठव्या शतकापासून होत्या, आजचं रेज्जो कलाब्रिया हे त्यातलंच एक शहर. नंतर रोमन आले, मग कित्येक शतकं बायझंटाईन साम्राज्याचा, म्हणजे कॉन्स्टँटिनोपलहून चालणाऱ्या ग्रीक भाषिक राज्याचा अंमल होता, म्हणजे परत ग्रीकच. त्यामुळे वाद असा की आजची ग्रेको ही त्या प्राचीन वसाहतींपासून न तुटता आलेली आहे की मध्ययुगात बायझंटाईन काळात नव्याने आलेली. गेरहार्ड रोल्फ्स नावाचा जर्मन भाषाशास्त्रज्ञ (जन्म बर्लिन १८९२, मृत्यू १९८६) १९२०च्या दशकात या डोंगरात फिरायला लागला, शेतकरी आणि मेंढपाळांशेजारी बसून शब्द टिपत राहिला आणि पुढची जवळपास साठ वर्षं परत परत येत राहिला. त्याने ठामपणे मांडलं की ही भाषा प्राचीन आहे. इटालियन अभ्यासक भडकले, त्यात मुसोलिनीचा काळ, इटलीच्या मातीत दोन अडीच हजार वर्षं एक बिगर-लॅटिन भाषा जिवंत राहिली हे कुणाला आवडणार होतं, त्यांनी बायझंटाईन बाजू लावून धरली. आज बहुतेक अभ्यासक मधला मार्ग धरतात, जुना थर आहे आणि त्यावर बायझंटाईन थरही चढलेला आहे.

रोल्फ्सच्या हाताशी असलेला पुरावा मात्र बघण्यासारखा आहे. चीज करताना दूध फाडायला करडाच्या जठरातलं रेनेट वापरतात, त्याला ग्रेकोत तामिस्सी म्हणतात. हाच शब्द इसवीसनपूर्व तिसऱ्या शतकातल्या ग्रीक गुराखी-कवितांमध्ये आहे, आणि आजच्या ग्रीसमध्ये रेनेटला साफ वेगळा शब्द आहे. नदीकाठच्या जमिनीच्या पट्टीला नासीदा म्हणतात, त्यात डोरिक या प्राचीन ग्रीक बोलीचा 'आ' टिकलाय, बाकी ग्रीकांनी तिथे 'ई' केला. असे शब्द मोजकेच आहेत, पण कुठे टिकलेत बघा, गोठ्यात आणि नदीकाठी. दरबारातले, देवळातले, बाजारातले शब्द बदलले, मेंढपाळाचे राहिले.

आणखी एक गंमत, ही मराठी माणसाला लगेच पटेल. आजच्या ग्रीकमध्ये 'दुसरा' म्हणजे आल्लो, पान म्हणजे फिल्लो. ग्रेकोत तेच आड्डो आणि फिड्डो होतं, आणि हा ड जीभ मागे वळवून काढलेला, आपल्यासारखा. अथेन्सच्या माणसाची जीभ तिथे अडखळते. शेजारच्या कलाब्रियन आणि सिसिलियन या इटालियनच्या जवळच्या बोलींतही हा ड आहे, म्हणजे शतकानुशतकं शेजारी राहून दोन्हींनी एकमेकांचं घेतलंय. शब्दाच्या शेवटचा स बहुतेकदा गळतो, तिकडे लीकोस म्हणजे लांडगा, इकडे नुसता लीको. आणि आधुनिक ग्रीकने जे क्रियापदाचं मूळ रूप कधीच टाकून दिलं ते ग्रेकोने 'सोन्नो' म्हणजे 'मला जमतं' याच्या पुढे सांभाळून ठेवलंय.

तर अशी भाषा. एके काळी दक्षिण कलाब्रियाच्या खूप मोठ्या भागात बोलली जायची. हळूहळू आक्रसत गेली आणि त्यात एक टप्पा फार महत्त्वाचा आहे. बोव्हाच्या चर्चमध्ये प्रार्थना ग्रीक पद्धतीने चालायची, ती १५७२-७३च्या सुमाराला बंद झाली आणि लॅटिन पद्धत आली. आता हा नुसता धर्माचा मामला वाटतो, पण ग्रीक लिहिता-वाचता येणारे जे थोडे लोक होते ते पाद्रीच होते, त्यामुळे चर्चमधून ग्रीक गेली आणि तिच्याबरोबर लिपीही गेली. पुढची तीनशे चारशे वर्षं ग्रेको ही निव्वळ तोंडची भाषा राहिली, ज्यांना लिहिता येत नाही त्यांची. १८२०च्या सुमाराला एका जर्मन प्रवाशाने बोव्हाकडचं एक गाणं टिपून छापलं तेव्हा कुठे युरोपातल्या विद्वानांना पत्ता लागला की अरे इथे ग्रीक बोलतात.

१८६१ला इटली एक झाली, शाळा आल्या, शाळेत इटालियन. मग फॅसिस्ट राजवट, तेव्हा तर बोली बोलणं म्हणजे मागासपणाच. म्हातारी माणसं सांगतात की शाळेत ग्रेको बोललं की छडी मिळायची, आणि किनाऱ्यावरचे लोक डोंगरातून उतरलेल्यांना त्यांच्या बोलण्यावरून हिणवायचे. बाजारात जायचं, कोर्टात जायचं, डॉक्टरकडे जायचं तर तोंड बंद ठेवायचं नाहीतर ओळखू यायचं कुठून आलाय. मग आई-बापांनी ठरवलं की पोरांशी कलाब्रियन बोलीत बोलायचं. मी याला लाज म्हणणार नाही, तो अगदी सरळ हिशोब होता, पोराला मार बसू नये आणि त्याला काम मिळावं. आपसात नवरा-बायको ग्रेको बोलत राहिले, विशेषतः पोरांना कळू नये असं काही असलं की. पोरं ऐकून ऐकून समजायला शिकली, बोलायला नाही. ही समजणारी पण न बोलणारी पिढी लक्षात ठेवा, पुढे तीच कामाला येते.

इथवरची गोष्ट जगातल्या कुठल्याही छोट्या भाषेची आहे. ग्रेकोचं प्रकरण वेगळं होतं ते पाण्यामुळे.

या भागातल्या नद्या विचित्र असतात. उन्हाळ्यात नुसतं पांढऱ्या गोट्यांचं रुंद पात्र, त्यात पाण्याची एक बारीक धार, आणि हिवाळ्यात डोंगरावर पाऊस झाला की काही तासांत सगळं पात्र भरून गर्जत येतं, दरडी घेऊन. १९५१च्या ऑक्टोबरमध्ये असाच पाऊस झाला आणि आस्प्रोमोन्तेतली गावंच्या गावं मोडली. शेजारचं आफ्रिको तेव्हा कायमचं उठलं आणि समुद्राकाठी वसवलं गेलं. रोगूदीने तेव्हा तग धरला.

रोगूदी म्हणजे एक खडकाचं नाक, आमेन्दोलेआच्या वर, साधारण ५०० मीटरवर, तीन बाजूंनी कडा आणि त्या नाकावर घराला घर चिकटलेलं. तिथली एक हकीकत सगळीकडे सांगितली जाते, घराच्या बाहेरच्या भिंतीत मोठे खिळे ठोकलेले असायचे आणि आया कामाला जाताना रांगत्या पोरांच्या पायाला दोरी बांधून ती खिळ्याला अडकवायच्या, पोर कड्यावरून खाली जाऊ नये म्हणून. खरंच प्रत्येक घराला खिळा होता की एक-दोन घरांचा किस्सा गावभर झाला, देव जाणे, पण गाव कसं होतं ते त्यातून कळतं. दाराबाहेर पाऊल टाकलं की शेजाऱ्याचं दार. अशा ठिकाणी भाषा शिकवायला लागत नाही, ती कानावर पडतच असते.

१९७१च्या ऑक्टोबरमध्ये परत मोठा पाऊस झाला, दरडी आल्या आणि सरकारने रोगूदी रिकामं करायचा हुकूम काढला. १९७२-७३च्या हिवाळ्यात पुन्हा पूर आला आणि परत जायची उरलीसुरली आशाही गेली. लोक जिथे जागा मिळेल तिथे पांगले, कुणी किनाऱ्यावरच्या गावांत भाड्याने, कुणी नातेवाईकांकडे, कुणी सरळ उत्तर इटलीतल्या तोरिनो-मिलानोला किंवा जर्मनीला. नवं रोगूदी बांधलं गेलं ते मेलितो दि पोर्तो साल्वोजवळ, समुद्राकाठी, जुन्या गावापासून रस्त्याने चाळीसेक किलोमीटर, आणि लोकांच्या हाती घरं पडेपर्यंत १९८०चं दशक संपत आलं. म्हणजे जवळजवळ पंधरा वर्षं एक गाव अस्तित्वातच नव्हतं. पंधरा वर्षांत एक आख्खी पिढी जन्मते, शाळेत जाते आणि वयात येते.

आता विचार करा, रोगूदी हे ग्रेको सगळ्यात घट्ट टिकलेल्या गावांपैकी एक होतं. तिथल्या आजीला किनाऱ्यावर ग्रेको कुणाशी बोलायची? शेजारीण कलाब्रियन बोलते, दुकानदार इटालियन बोलतो, टीव्ही इटालियन, मेंढ्या नाहीत, नातू शाळेत. तिची भाषा कुणी बंद केली नाही, तिला फक्त बोलायला समोर माणूस उरला नाही. मला हा सगळ्या प्रकरणाचा कणा वाटतो. पूर आला ही निसर्गाची गोष्ट, गाव हलवणं हा जिवाचा प्रश्न होता आणि त्याला कुणी वाईट म्हणू नये, पण लोकांना एकत्र न हलवता पांगू दिलं आणि नव्या गावाला पंधरा वर्षं लावली ही माणसांनी केलेली गोष्ट आहे. पुनर्वसन करणाऱ्यांच्या कागदावर घरं होती, खोल्या होत्या, चौरस मीटर होते, भाषा नव्हती. धरणग्रस्त गावांचं काय झालं हे महाराष्ट्रात कुणाला वेगळं सांगायला नको, तिथेही वाडी फुटली की वाडीतलं काय काय फुटतं ते पंचनाम्यात येत नाही.

गालिचानो मात्र राहिलं. कोंदोफुरी नगरपालिकेत मोडणारी ही वस्ती ६०० मीटरच्या वर आहे, रस्ता वळणावळणाचा, कायम राहणारी माणसं मोजकीच, पण विखुरली नाहीत. आणि म्हणूनच आज ग्रेको ऐकायची म्हटलं की अभ्यासक, पत्रकार, टुरिस्ट सगळे तिथेच जातात. मोजक्या म्हाताऱ्यांना बिचाऱ्यांना सगळ्या युरोपला मुलाखती द्याव्या लागतात. तिथे एका स्थानिक माणसाने जुन्या दगडी घरातून एक छोटं ऑर्थोडॉक्स, म्हणजे ग्रीसमधल्या पंथाचं चर्च उभं केलंय, ग्रीसच्या मदर मेरीच्या नावाने. चारशे वर्षांपूर्वी ग्रीक प्रार्थना गेली होती, ती परत आणायचा हा प्रयत्न. मनाला भिडतो, पण गावकरी मूळचे कॅथलिक आहेत आणि चर्चमधली ग्रीक ही पुन्हा वेगळीच ग्रीक.

बरं, मग वाचवायला काय काय केलं?

सुरुवात १९७०च्या आसपास झाली, तेही गंमत म्हणजे गावं मोडत होती त्याच वेळी. शिकलेल्या पोरांनी मंडळं काढली. बोव्हा मरिना या किनाऱ्यावरच्या गावात १९७२ला यालो तू वूआ नावाची संघटना सुरू झाली, नावाचा अर्थ बोव्हाचा किनारा. पुढे बोव्हात आपोदियाफात्सी नावाची दुसरी संघटना आली. शेतकरी असलेल्या ब्रुनो कासिलेंसारख्या माणसांनी ग्रेकोत कविता लिहिल्या, ज्या भाषेत आजवर कुणी साधं पत्रही लिहिलं नव्हतं. हे सगळं हौसेने, खिशातले पैसे घालून.

मग १५ डिसेंबर १९९९ला इटलीत ४८२ नंबरचा कायदा झाला. देशातल्या १२ जुन्या भाषिक अल्पसंख्याकांना मान्यता मिळाली आणि त्यात ग्रीकही आली. राज्यघटनेच्या कलम ६ मध्ये भाषिक अल्पसंख्याकांचं रक्षण करू असं १९४८पासूनच लिहिलेलं होतं, त्याचा कायदा व्हायला ५० वर्षं लागली. रोगूदी उठून तेव्हा २८ वर्षं झाली होती. पुढे २००३ला कलाब्रिया प्रदेशानेही स्वतःचा कायदा केला.

कायद्याची रचना बघण्यासारखी आहे, कारण गोम तिथेच आहे. कुठली नगरपालिका 'ग्रीक भाषिक' धरायची? तर तिथल्या १५ टक्के मतदारांनी किंवा एक तृतीयांश नगरसेवकांनी मागणी केली की प्रांताने ती यादीत घ्यायची. भाषा कुणाला येते का हे विचारायची गरजच नाही. झालं काय की यादीत बोव्हा, रोगूदी, कोंदोफुरी आली तशीच जिथे ग्रेको कित्येक पिढ्यांपूर्वी संपली ती गावंही आली, रेज्जो कलाब्रिया हे मोठं शहरसुद्धा आलं. एकूण १५ नगरपालिका. मग निधी आला की तो प्रोजेक्टच्या नावाने वाटला जाणार, वर्षावर्षाने, भाषेचं कार्यालय म्हणून एक खिडकी उघडायची, तिथे कंत्राटी माणूस बसवायचा, कंत्राट संपलं की खिडकी बंद. आणि पाट्या. पाट्या भरपूर झाल्या. गल्लीच्या नावाची, चौकाच्या नावाची, गावात शिरताना स्वागताची, इटालियनमध्ये आणि ग्रेकोत.

पाट्यांना मी पूर्ण नावं ठेवणार नाही. ज्या भाषेपायी छडी खाल्ली ती भिंतीवर सरकारी खर्चाने लिहिलेली बघणं म्हाताऱ्या माणसासाठी मोठी गोष्ट असणार. पण पाटीवर कुठल्या लिपीत लिहायचं यावरून जी भांडणं झाली ती या प्रकरणातली सगळ्यात शिकण्यासारखी बाब आहे.

एक बाजू म्हणते ग्रीक लिपीत लिहा, ही ग्रीक भाषा आहे, आपण होमरचे वारस, इटालियन अक्षरांत लिहून तिला बोली कशाला बनवता. दुसरी बाजू म्हणते अरे पण वाचणार कोण? इथल्या पोराला शाळेत रोमन लिपी येते, आजीला तर तीही जेमतेम, ग्रीक लिपी फक्त ग्रीसहून आलेल्या पाहुण्याला वाचता येते, म्हणजे पाटी त्याच्यासाठी आहे का? मी सरळ दुसऱ्या बाजूचा आहे. जी माणसं आत्ता भाषा वाचवणार आहेत त्यांना जे अक्षर येतं त्यात लिहावं, बाकी वारसा वगैरे नंतर. यालो तू वूआची मंडळीही रोमनमध्येच लिहितात.

लिपीच्या भांडणामागे दुसरं मोठं भांडण आहे. १९९०च्या दशकात ग्रीसच्या सरकारने इथे आधुनिक ग्रीक शिकवायला शिक्षक पाठवले. हेतू चांगला होता, अथेन्सहून बसेस भरून लोक यायला लागले, गालिचानोच्या म्हाताऱ्यांना मिठ्या मारायला लागले, भाऊ भाऊ म्हणायला लागले. गावात अचानक मान आला. पण वर्गात काय झालं, तर ज्या पोराने घरी आजीकडून 'आथ्रोपो' ऐकलं होतं त्याला सांगितलं गेलं की माणसाला 'आन्थ्रोपोस' म्हणायचं. तो घरी येऊन आजीला सुधारणार. आधी इटालियन मास्तर म्हणायचा तुझी भाषा भाषाच नाही, आता ग्रीक मास्तरीण गोड बोलून म्हणते तुझी ग्रीक जरा चुकीची आहे. दुसरं जास्त लागतं. शिवाय आधुनिक ग्रीक शिकली की नोकरीला किंवा निदान ग्रीसच्या ट्रिपला उपयोग, ग्रेको शिकून काय? मग हुशार पोरं तिकडेच वळली. नव्या शब्दांसाठी आधुनिक ग्रीककडून उसनं घ्यायला माझी हरकत नाही, ग्रेकोने आजवर कलाब्रियनकडून ढीगभर उसनं घेतलंच आहे, पण उसनं घेणं वेगळं आणि घराची चावीच देऊन टाकणं वेगळं.

म्युझियम २०१६ला बोव्हात झालं, रोल्फ्सच्याच नावाने, ग्रीक-कलाब्रियन भाषेचं. बोव्हा हे ८०० मीटरच्या वर असलेलं, चार-पाचशे वस्तीचं गाव आहे आणि आता इटलीतल्या सुंदर गावांच्या यादीत आहे. त्याच्या चौकात एक जुनं वाफेचं इंजिन उभं आहे, समुद्रापासून पंधरा किलोमीटर वर, जिथे रूळ कधी आलेच नाहीत! रेल्वे खाली किनाऱ्याने गेली आणि तिनेच डोंगरातली माणसं खाली आणि पुढे उत्तरेला ओढली, तिचंच इंजिन वर आणून ठेवलंय. ज्याने ही कल्पना काढली त्याला विनोदबुद्धी होती की नाही माहीत नाही, पण त्या भागाचा इतिहास त्याहून थोडक्यात कुणी सांगितलेला नाही.

संगीताचा फेस्टिवल १९९७पासून आहे, पालेआरीत्सा, म्हणजे जुनं मूळ. ऑगस्टमध्ये गावागावांत मैफली, मशकवाद्य, अकॉर्डियन, तारांतेल्ला नाच, स्टॉलवर बोव्हाची तळलेली लेस्तोपित्ता, आणि मुसुलुपु नावाचं ताजं चीज, जे तुतीच्या लाकडाच्या कोरीव साच्यात घालून करतात. बाहेर गेलेली माणसं सुट्टीला येतात तेव्हाच हा असतो, त्यामुळे गर्दी होते, खोल्या भाड्याने जातात, चार पैसे सुटतात. इटलीच्या टाचेकडे, पुलियात, अशीच दुसरी ग्रीक बोली आहे, ग्रिको, तिथला तारांताचा महोत्सव १९९८पासून एवढा मोठा झालाय की शेवटच्या कार्यक्रमाला लाखाच्या घरात लोक जमतात. तिथेही पोरं गाणी म्हणतात आणि घरी इटालियन बोलतात. गाण्याला व्याकरण लागत नाही, पाठांतर पुरतं.

याच्या उलट एक गोष्ट अशी आहे जिच्यासाठी कुणी प्रोजेक्ट लिहिला नव्हता. ईस्टरच्या आधीच्या रविवारी, म्हणजे पाम संडेला, बोव्हात ऑलिव्हच्या पानांच्या बाया करतात, त्यांना पुपात्से म्हणतात. बोरूच्या दांड्याला एक एक पान विणत विणत कंबर, छाती, घागरा असा आकार आणायचा, मोठ्या असतात त्या आया आणि लहान त्या मुली, मग त्यांना रानफुलं, ताजी फळं, रंगीत रिबिनी लावून सजवायचं आणि मिरवत चर्चमध्ये न्यायचं. आशीर्वाद झाला की बाहेर येऊन त्या मोडायच्या आणि पानांचे तुकडे लोकांत वाटायचे, ते घरात ठेवतात. हे डेमेटर ही प्राचीन ग्रीकांची धान्याची देवी आणि तिची मुलगी पर्सेफोनी यांचं रूप आहे असं स्थानिक अभ्यासक हौसेने सांगतात, असेलही नसेलही. मला महत्त्वाचं वाटतं ते हे की त्या पुपात्से विणायला काही दिवस म्हातारी आणि तरुण माणसं एकाच खोलीत पानं घेऊन बसतात. भाषेला अशीच खोली लागते.

आणि इथे तो थोडासा चाललेला उपाय येतो. यालो तू वूआच्या तरुण मंडळींनी गेल्या दशकात उन्हाळी शाळा सुरू केली, तो द्दोमादी ग्रेको, म्हणजे ग्रेको आठवडा. ऑगस्टमध्ये बोव्हात जमायचं, सकाळी वर्ग, बाकी दिवस फिरणं, जेवण, म्हाताऱ्या बोलणाऱ्यांना भेटणं, आणि शक्यतो ग्रेकोतच. येणाऱ्यांत स्थानिक पोरं असतात, बाहेरचे भाषाप्रेमी असतात आणि भाषाशास्त्राचे विद्यार्थीही असतात. शिकवणारे स्वतः जन्मतः बोलणारे नाहीत. त्यांनी ती मोठेपणी, आजोबांच्या पिढीकडून, पुस्तकांतून, चुका करत करत उचललीय.

मला यात तीन गोष्टी आवडतात, आणि त्या कायद्यात कुठेच नाहीत. एक म्हणजे चुकीचं बोलायची मुभा. छोट्या भाषेत शुद्धतेचे पहारेकरी फार असतात, नवशिक्याने तोंड उघडलं की हसतात, आणि तो परत कधी उघडत नाही. इथे अर्धं कलाब्रियन मिसळून बोललं तरी चालतं. दुसरं म्हणजे मघाशी म्हटलेली ती मधली पिढी, समजणारी पण न बोलणारी, आज पन्नाशी-साठीत असलेली. तरुण पोरगा येऊन ग्रेकोत काही विचारतो तेव्हा यांना कळतं, आणि उत्तर देताना चाळीस वर्षं न वापरलेले शब्द निघतात. नवशिक्या आणि म्हातारा यांच्या मधला पूल ही माणसं आहेत, आणि त्यांना वर्गात बसवून काही होणार नाही, त्यांना फक्त बोलणारं कुणीतरी लागतं. तिसरं म्हणजे हे लोक इंटरनेटवरही एकमेकांशी ग्रेकोत लिहितात, रोमन अक्षरांत, कसंही स्पेलिंग करून. रोगूदीची आळी परत येणार नाही, पण तोरिनोतला नातू आणि बोव्हातली मैत्रीण यांना बोलायला काहीतरी जागा तर झाली.

याच्या मर्यादाही सांगायला हव्यात. ग्रेको आज घरात पहिली भाषा म्हणून मुलांना मिळत नाही. सफाईने बोलणारे काही शे धरले तरी तो उदार हिशोब, आणि त्यातले बहुतेक म्हातारे. इटलीच्या जनगणनेत या भागात भाषा विचारतच नाहीत, त्यामुळे जो आकडा ज्याला सोयीचा तो तो सांगतो, निधी मागताना मोठा, लेख लिहिताना छोटा. युनेस्कोच्या नकाशात ही भाषा गंभीर धोक्यात आहे. वर्षातून एका आठवड्याने बोलणारे तयार होतात ते हाताच्या बोटांवर मोजण्याएवढे, आणि त्यातले किती जण उरलेले ५१ आठवडे तिथे राहतात? काम नाही. खाली किनाऱ्यावर बर्गामोट आहे, ते आंबट फळ ज्याच्या सालीचं तेल अत्तरात आणि अर्ल ग्रे चहात जातं, जगातलं बहुतेक उत्पादन याच पट्टीत होतं. पण बर्गामोट किनाऱ्याला पिकतं, डोंगरात नाही. डोंगरात मेंढ्या, थोडं ऑलिव्ह आणि आता टुरिस्ट.

त्यामुळे कुणी मला विचारलं की उद्या चार पैसे आले तर कशावर घालवावे, तर मी म्हणेन पाट्या पुरेत. वर्षभर पगारी दोन-तीन तरुण ठेवा, जे गालिचानो, बोव्हा, रोक्काफोर्ते आणि नव्या रोगूदीत दर आठवड्याला म्हाताऱ्यांकडे जाऊन नुसते बसतील, चीज करायला मदत करतील, सोबत रेकॉर्डिंगही करतील, आणि ते रेकॉर्डिंग कुठल्या विद्यापीठाच्या कपाटात न जाता त्याच गावातल्या पोरांना फोनवर ऐकता येईल असं ठेवतील. नव्या रोगूदीत, जिथे पांगलेली घरं शेवटी एकत्र आली, तिथे बसायला एक कायमची जागा करा, क्लब म्हणा काही म्हणा, स्टोव्ह आणि पत्ते असले की झालं. कायद्याच्या भाषेत याला प्रोजेक्ट म्हणता येत नाही, कारण शेवटी दाखवायला फीत कापायचं काही उरत नाही, आणि नेमकं म्हणूनच गेल्या वीस-पंचवीस वर्षांत सरकारी पैशाने ते झालेलं नाही. यालो तू वूआवाले जे करतात ते बरंचसं वर्गणीवर आणि हौसेवर चाललंय, आणि शिकवणारी पोरंही नोकरीसाठी उत्तरेला गेली तर पुढच्या ऑगस्टचा आठवडा कोण घेणार हा प्रश्न दरवर्षी नव्याने उभा राहतो.